रानात जाण्यापूर्वी : सहलीची तयारी आणि सुरक्षितता

आपल्या समाजातील निरनिराळ्या संस्थांच्या कार्यक्रमांत अलीकडे एक चांगला पायंडा पडू लागला आहे. पूर्वी विद्यार्थ्यांची सहल म्हणजे एस.टी.ची एक गाडी ठरवायची, कार्ल्याची किंवा वेरुळची लेणी पाहायची, डबे सोडायचे आणि दिवेलागणीला घरी परतायचे, एवढाच बेत असे. आता मुले-मुली पायी डोंगर चढू पाहतात, गडावर मुक्काम करू पाहतात, रानातली आडबाजूची लेणी शोधत जातात. चाळीत आणि वस्तीत वाढलेल्या मुलांना सह्याद्री पायांखाली घालावासा वाटतो, ही गोष्ट निश्चितच आनंदाची होय.

परंतु डांबरी रस्त्याने जाण्याची सहल आणि रानवाटेने जाण्याची सहल यांत मूलभूत फरक आहे. कार्ल्याला पायऱ्या आहेत, दुकाने आहेत, चार माणसे सदैव आजूबाजूला असतात. कर्जतजवळची कोंडाणे लेणी याहून वेगळी. ती राजमाचीच्या पायथ्याला, उल्हास नदीच्या खोऱ्यातल्या दाट झाडीत आहेत. कोंडिवडे गावातून रानवाटेने चढून जावे लागते. कान्हाचा शिष्य बलक याचे नाव तेथील ब्राह्मी शिलालेखात आहे. दोन हजार वर्षांपूर्वीचे ते कोरीव काम पाहून मन भरून येते. मात्र तेथे पाय मुरगळला तर रिक्षा बोलावता येत नाही. पावसाळ्यात लेण्यांच्या तोंडावरच धबधबा कोसळतो. तेथून पुढे राजमाचीचा चढ तर चांगलाच दमवणारा आहे.

मग जाऊच नये काय? तसे आमचे म्हणणे मुळीच नाही. आमचे म्हणणे एवढेच की, रानातले बहुतेक अपघात रानात टळत नाहीत, ते घरी बसून टाळावे लागतात. तहान लागल्यावर विहीर खणून भागत नाही. पालक आपली मुले संस्थेच्या हवाली करतात ती एक प्रकारची ठेव असते, आणि आम्ही बँकेत काम करणारी माणसे एवढे जाणतो की, ठेव घेताना जितकी काळजी घ्यावी तितकी परत करताना सोपे जाते. त्या दृष्टीने तयारीच्या काही बाबी येथे क्रमाने मांडीत आहोत.

ठिकाण आणि ऋतू

पहिला प्रश्न 'कोठे जायचे' हा नसून 'कोण जाणार आहेत' हा आहे. आठवी-नववीची मुले, महाविद्यालयीन तरुण आणि पन्नाशीचे सभासद यांना एकच ठिकाण सोयीचे होईलच असे नाही. गटातील सर्वांत कमी दमाच्या माणसाला जे झेपेल तेच ठिकाण निवडावे. दमा, हृदयविकार, मधुमेह, फिट येणे यांपैकी काही असल्यास ते आधी मोकळेपणी सांगण्याची सवय लावावी. त्यात लाजण्यासारखे काही नाही.

त्यानंतर ऋतू. सह्याद्रीचा प्रत्येक ऋतू आपापला धोका घेऊन येतो. जून ते सप्टेंबर पाऊस, धुके, शेवाळलेले कातळ आणि फुगलेले ओढे. ऑक्टोबरात दुपारनंतर विजांचा कडकडाट आणि पुरुषभर उंचीच्या गवतात लपलेल्या वाटा. मार्च ते मे रणरणते ऊन, आटलेली टाकी आणि पायांखालचा घसारा. नवशिक्या विद्यार्थ्यांना न्यायचे असेल तर नोव्हेंबरचा उत्तरार्ध ते फेब्रुवारी हा काळ सर्वांत बरा. हवा थंड असते, वाटा मळलेल्या असतात आणि बऱ्याच टाक्यांतून पाणीही मिळते.

पावसाळ्यात जायचेच असेल तर भारतीय हवामान विभागाचा जिल्हावार इशारा आदल्या दिवशी आणि निघण्यापूर्वी असा दोनदा पाहावा. नारिंगी किंवा लाल इशारा असेल तर सहल रद्द करावी; गाडीची आगाऊ रक्कम बुडाली तरी चालेल. अनेक धबधब्यांवर आणि गडांवर पावसाळ्यात जिल्हा प्रशासन बंदी घालते. तीही आधी विचारून घ्यावी आणि पाळावी.

वेळेचा हिशेब

विल्यम नेस्मिथ नावाच्या एका स्कॉटिश गिर्यारोहकाने १८९२ साली डोंगरातल्या वेळेचा एक सोपा हिशेब मांडला. दर ५ किलोमीटर चालीला एक तास, आणि त्याशिवाय दर ६०० मीटर चढाला आणखी एक तास. हा हिशेब सरावाच्या, न थांबता चालणाऱ्या माणसाचा आहे. पंचवीस-तीस विद्यार्थ्यांचा घोळका असेल तर तो दुप्पट करावा, कारण कोणाची चप्पल तुटते, कोणाला पाणी हवे असते, कोणी मागे राहते.

उदाहरणादाखल कोंडिवड्याहून राजमाचीला जाऊन त्याच दिवशी परतण्याचा बेत घेऊ. वाट ७ किलोमीटर आणि चढ ६०० मीटर धरला, तर सरावाच्या माणसाला सुमारे अडीच तास लागतील. आपल्या गटाला पाच तास. सकाळी आठला निघालो तर गडाच्या पदरातल्या उधेवाडीत पोहोचायला दुपारचा एक वाजेल. जेवण व विश्रांतीत एक तास गेला. दोनला उतरायला लागलो आणि उताराला निदान चार तास धरले, तर खाली येईतो सहा वाजतात. डिसेंबरात सहाच्या सुमारास सूर्य मावळतो. म्हणजे एकाचा पाय मुरगळला की सर्व गट अंधारात, रानात सापडला.

कागदावरचा हा दहा मिनिटांचा हिशेब आपल्याला स्पष्ट सांगतो की, विद्यार्थ्यांना घेऊन हा बेत एका दिवसाचा नव्हे. एक तर लेणी पाहून परत यावे, नाही तर गावात मुक्काम करावा. दिवस मावळण्यापूर्वी निदान दोन तास हाती शिल्लक राहतील, असाच बेत पक्का समजावा.

याच हिशेबातून परत फिरण्याची वेळ ठरते. 'दुपारी बारा वाजता जेथे असू तेथून मागे फिरायचे' असे घरीच ठरवून सर्वांना सांगावे. माथा हाकेच्या अंतरावर दिसत असताना मागे फिरण्याचा निर्णय फार जड जातो. 'अजून थोडेच राहिले' असे प्रत्येकाला वाटते, आणि त्या वेळी डोके थंड नसते. म्हणून तो निर्णय थंड डोक्याने आधीच घेऊन ठेवायचा.

माणसे आणि कागद

एक प्रमुख नेमावा आणि रानात त्याचा किंवा तिचा शब्द अखेरचा मानावा. तेथे संस्थेतील पद किंवा वय मध्ये आणू नये. दर आठ-दहा विद्यार्थ्यांमागे एक जाणते माणूस हवे. मुली असतील तर सोबत महिला सभासद असायलाच हव्यात. सर्वांत पुढे वाट माहीत असलेला एक आणि सर्वांत मागे एक अशी दोन माणसे ठरवावीत. पुढच्याच्या पुढे कोणी जायचे नाही आणि मागच्याच्या मागे कोणी राहायचे नाही. प्रत्येक थांब्यावर, प्रत्येक फाट्यावर आणि प्रत्येक ओढ्यापलीकडे मोजणी करावी. दिवसअखेर रोकड जुळल्याशिवाय रोखपाल उठत नाही, त्याचप्रमाणे डोकी जुळल्याशिवाय गटाने पाऊल उचलू नये.

एक कागद तयार करावा. त्यावर प्रत्येकाचे नाव, वय, रक्तगट, चालू औषधे, कशाची ॲलर्जी आहे काय ते, आणि घरचा दूरध्वनी क्रमांक लिहावा. त्याखाली जाण्याची वाट, उतरण्याची वाट, मुक्कामाचे गाव, गाडीचा क्रमांक आणि परतण्याची वेळ नोंदवावी. शेवटी एक ओळ ठळक अक्षरांत असावी : 'अमुक वाजेपर्यंत आमचा निरोप आला नाही तर मदतीसाठी कळवावे.' या कागदाच्या तीन प्रती कराव्यात. एक प्रमुखाजवळ, एक घरी राहिलेल्या जबाबदार सभासदाजवळ आणि एक पायथ्याच्या गावात ओळखीच्या माणसाजवळ ठेवावी. ऐनवेळी वाट बदलली तर ती घरी कळवावी. शोधणाऱ्यांना कोठे शोधायचे हेच ठाऊक नसेल तर ते तरी काय करणार?

जवळचे सरकारी रुग्णालय कोठे आहे आणि सर्पदंशावरील लस तेथे उपलब्ध आहे काय, हेही आधी विचारून कागदावर लिहावे. आणीबाणीचा क्रमांक ११२ आणि रुग्णवाहिकेचा १०८ हे सर्वांना पाठ असावेत. संस्थेऐवजी एखाद्या सहल चालवणाऱ्याबरोबर मुले पाठवायची असतील, तर शासनाच्या २०२१ च्या साहसी पर्यटन धोरणानुसार त्याची नोंदणी झाली आहे काय, हे विचारण्याचा पालकांना पूर्ण अधिकार आहे.

पाठीवरचे सामान

डोंगरात जायला महागड्या वस्तू लागतात हा गैरसमज आहे. आपल्या मुलांच्या खिशाला परवडेल असेच सामान पुरेसे होते. चांगल्या पकडीचे, आधी आठ-दहा दिवस वापरलेले बूट ही मात्र चैन नसून गरज आहे. नवे कोरे बूट पायाला फोड आणतात, आणि गुळगुळीत तळव्याच्या चपला कातळावर घात करतात. हात मोकळे राहावेत म्हणून सामान खांद्याला लटकवण्याच्या पिशवीत न घेता पाठीवरच्या पिशवीत घ्यावे.

प्रत्येकाजवळ पुढील वस्तू असाव्यात : पाण्याच्या बाटल्या, डबा आणि थोडा जादा खाऊ, विजेरी व तिचे जादा सेल, शिट्टी, टोपी, स्वेटर, पाऊस असेल तर रेनकोट, एक कोरडा कपड्यांचा जोड प्लॅस्टिकच्या पिशवीत घट्ट बांधून, आणि स्वतःची नेहमीची औषधे. दिवसाचीच सहल असली तरी विजेरी हवी. मुलींनी पाळीचे पॅड आणि ते परत आणण्यासाठी कागद-पिशवी जवळ ठेवावी. हा विषय सोबतच्या भगिनींनी आधीच मोकळेपणी बोलून घ्यावा. गटात मिळून प्रथमोपचाराची पेटी, मजबूत दोर, काडेपेटी, चाकू आणि जलसंजीवनीची पाकिटे असावीत.

मोबाईलचा उपयोग आहेच, पण त्यावर भिस्त ठेवू नये. डोंगराच्या घळीत संपर्क तुटतो, पावसात यंत्र भिजते आणि छायाचित्रे काढून दुपारपर्यंत बॅटरी संपते. गटातील निदान दोन मोबाईल बंद करून, प्लॅस्टिकमध्ये गुंडाळून केवळ संकटासाठी राखून ठेवावेत. नकाशा आधीच उतरवून घ्यावा.

पाणी माणशी निदान तीन लिटर, उन्हाळ्यात चार ते पाच. टाक्यातले पाणी उकळून किंवा क्लोरीनचे थेंब टाकून, बाटलीवर लिहिलेला वेळ थांबूनच प्यावे. भाकरी-चटणी, दशम्या, उकडलेली अंडी, गूळ-शेंगदाणे आणि चिक्की यांसारखे डोंगरात दुसरे अन्न नाही.

वाटेवरचे धोके

पाणी : ३० जून २०२४ रोजी लोणावळ्याच्या भुशी धरणाजवळच्या धबधब्यात एकाच कुटुंबातील पाच जण वाहून गेले. वर डोंगरात पाऊस पडला की खालचा ओढा काही मिनिटांत फुगतो, आणि आपण उभे असतो तेथे कदाचित ऊनही असते. पाणी गढूळ झाले, काटक्या-पाने वाहून येऊ लागली किंवा आवाज वाढला की, तत्काळ काठाबाहेर आणि उंचावर जावे. गुडघ्यावरच्या वाहत्या पाण्यात उतरू नये. सह्याद्रीतले ओढे जसे झपाट्याने चढतात तसेच पाऊस थांबल्यावर काही तासांत उतरतातही. तेव्हा थांबणे हाच शहाणपणा. धबधब्याखाली उभे राहू नये, कारण पाण्याबरोबर दगडही येतात.

थंडी : आपल्याकडे थंडीने माणूस दगावत नाही, ही समजूत चुकीची आहे. ऑगस्ट २०२३ मध्ये हरिश्चंद्रगडावर पाऊस व धुक्यात वाट चुकलेल्या गटातील एकाचा गारठ्याने मृत्यू झाला. ओले कपडे आणि वारा मिळून शरीराची ऊब भराभर शोषून घेतात. एखादा सारखा कुडकुडत असेल, अडखळत असेल, असंबद्ध बोलत असेल तर तो थकला आहे असे समजून पुढे रेटू नये. वाऱ्यापासून आडोसा करावा, ओले कपडे काढून कोरडे घालावेत, दोघांनी जवळ बसून ऊब द्यावी आणि शुद्धीवर असल्यास गरम गोड चहा पाजावा. दारू कधीही देऊ नये. तिने ऊब वाढत नाही, कमी होते.

ऊन : उन्हाळ्यात सकाळी लवकर चढावे आणि भर दुपारी सावलीत राहावे. चक्कर, मळमळ, डोकेदुखी सुरू झाली की सावलीत आडवे करून, ओल्या कापडाने अंग पुसून वारा घालावा. एक लिटर पाण्यात सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा चमचा मीठ घालून थोडे थोडे पाजावे. बोलणे भरकटू लागले किंवा शुद्ध हरपू लागली तर तो उष्माघात होय. अशा वेळी तोंडाने काही न पाजता अंग गार करीत त्वरित रुग्णालयात न्यावे.

वीज : गडगडाट ऐकू येताच माथा, धार आणि एकटे झाड सोडून खाली यावे. शेवटच्या गडगडाटानंतर अर्धा तास तरी पुन्हा वर चढू नये.

साप : नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे हे आपल्याकडील चार प्रमुख विषारी साप. दगडाखाली, कपारीत हात घालू नये; गवतात काठी आपटत चालावे. दंश झाल्यास जखम कापणे, चोखणे, करकचून बांधणे, मंत्र उतरवणे यांतले काहीही करू नये. माणसाला धीर द्यावा, दंश झालेला अवयव हलू न देता काठीच्या आधाराने बांधावा आणि त्याला चालवत न नेता उचलून रुग्णालयात न्यावे. या चारही सापांच्या विषावर एकच लस चालते, म्हणून साप मारून नेण्यात वेळ दवडू नये.

मधमाश्या : लेण्यांच्या कपाळपट्टीवर आणि कड्यांवर आग्या मोहोळे असतात. तेथे धूर, आरडाओरडा, दगड मारणे आणि अत्तर वर्ज्य. माश्या उठल्याच तर हातवारे न करता, तोंड झाकून, पाय घसरणार नाही हे पाहत दूर पळावे.

वाट चुकल्यास

वाट चुकली असे वाटताच थांबावे, सर्वांना एकत्र करावे, पाणी प्यावे. शेवटची ओळखीची खूण जेथे दिसली होती तेथवर एकत्रच मागे जावे. सह्याद्रीत एक घातक चूक वारंवार होते. 'पाणी खाली जाते, तेव्हा ओढ्याने उतरलो की गाव लागेल' असे लोकांना वाटते. येथले ओढे बहुधा कड्यावरून खाली उडी घेतात; पाण्याला ते जमते, माणसाला नाही. अंधार पडला असेल तर जागा सोडू नये. आडोशाला बसून ठरावीक वेळाने तीन-तीन शिट्ट्या द्याव्यात आणि विजेरी दाखवावी.

गावातील माणसे

पायथ्याची गावे बहुतांशी ठाकर, महादेव कोळी अशा कष्टकरी समाजांची आहेत. रान त्यांना आपल्या घरासारखे ठाऊक असते. वाटाड्या घ्यावा, त्याची मजुरी आधी ठरवावी आणि घासाघीस न करता द्यावी. त्याला 'ए' म्हणून हाक न मारता दादा, मामा, मावशी म्हणावे. माणसाला माणूस म्हणून वागवले जावे यासाठी ज्या समाजाने एवढा संघर्ष केला, त्याच्या मुलांना हे निराळे सांगण्याची गरज नसावी. आणि व्यवहार म्हणून पाहिले तरी, रात्री-बेरात्री मशाल घेऊन सर्वांत आधी शोधायला येणारा माणूस हाच असतो. तो 'आज वर जाऊ नका' म्हणाला तर त्याचे ऐकावे.

परतीचा प्रवास

डोंगर उतरला म्हणजे सहल संपली असे नव्हे. दमलेले पाय उतारावर घसरतात, म्हणून शेवटच्या तासात गती कमी करावी. ठरवलेल्या गाडीच्या चालकाला दिवसा झोप मिळाली आहे काय, हे प्रमुखाने पाहावे. रात्रभर जागलेल्या माणसाच्या हाती तीस मुलांची गाडी देऊ नये. घरी पोहोचल्यावर शेवटची मोजणी करावी, कागद सांभाळणाऱ्या सभासदाला निरोप द्यावा आणि मगच पांगावे.

विद्यार्थी मित्रांनो, या सर्व सूचना वाचून रानाची भीती वाटावी असा आमचा हेतू नाही. तुमच्यापैकी अनेकांच्या आई-वडिलांना हौसेखातर डोंगर चढण्याची सवड आयुष्यात मिळाली नाही. त्यांच्या कष्टांमुळे ती तुम्हांला मिळते आहे. एक निष्काळजी सहल झाली तर पुढची दहा वर्षे वस्तीतल्या मुलींना कोणी घराबाहेर सोडणार नाही. आणि नेटकी झालेली प्रत्येक सहल पुढच्या पाच जणींची वाट मोकळी करील. माथा न गाठता परत आलात तरी त्यात कमीपणा मानू नका. डोंगर पुढच्या वर्षीही तेथेच असणार आहे. तुम्हीही सर्वजण असला पाहिजेत, एवढीच आमची इच्छा.